तेज बदलणारे तारे

ज्या ताऱ्याचे पृथ्वीवरून दिसणारे तेज काळाबरोबर कमीजास्त होते, त्याला रूपविकारी तारा म्हणतात. काही ताऱ्यांत हा बदल मिनिटांत घडतो, काहींत दिवसांत, तर काहींना वर्षे लागतात. काटेकोर मोजमाप केले तर पूर्ण स्थिर तेजाचा तारा सापडणे कठीणच आहे. सूर्याचे तेज डागांच्या अकरा वर्षांच्या चक्राबरोबर सुमारे ०.१ टक्क्याने हलते. अढळपदाशी ज्याचे नाव कायमचे जोडले गेले आहे, तो ध्रुवताराही सुमारे चार दिवसांच्या आवर्तनाने किंचित उजळ आणि किंचित मंद होत असतो.

तेज मोजण्याचे एकक म्हणजे प्रत. प्रतीचा आकडा जितका लहान, तितका तारा तेजस्वी. नुसत्या डोळ्यांना काळोख्या आकाशात साधारण सहाव्या प्रतीपर्यंतचे तारे दिसतात. पाच प्रतींचा फरक म्हणजे तेजात शंभरपट फरक, म्हणजेच एका प्रतीमागे सुमारे २.५१२ पट. हे प्रमाण १८५६ मध्ये नॉर्मन पॉगसन यांनी सुचवले. तेच पुढे मद्रास वेधशाळेचे प्रमुख झाले.

तारे बदलतात हे मान्य व्हायला युरोपला बराच वेळ लागला. ऑगस्ट १५९६ मध्ये डेव्हिड फाब्रिशियस यांना तिमिंगल तारकासमूहात एक ठळक तारा दिसला. काही आठवड्यांत तो मंदावला आणि दिसेनासा झाला. फाब्रिशियसना तो नवतारा वाटला, पण १६०९ मध्ये तो त्यांना त्याच जागी पुन्हा दिसला. १६३८ मध्ये योहानेस होल्वार्दा यांनी ओळखले की हा तारा सुमारे अकरा महिन्यांनी ठरावीक क्रमाने परततो. योहानेस हेवेलियस यांनी त्याला ‘मीरा’ म्हणजे ‘अद्भुत’ हे लॅटिन नाव दिले. मराठी कानांना ते नाव घरचे वाटले, तरी त्याचा संत मीराबाईंशी संबंध नाही.

मीरेचा आवर्तकाल सुमारे ३३२ दिवसांचा आहे. ऐन तेजात ती तिसऱ्या, क्वचित दुसऱ्या प्रतीपर्यंत चढते आणि नंतर नवव्या प्रतीच्या आसपास उतरते. तिसरी प्रत ते नववी प्रत म्हणजे तेजात अडीचशेपट फरक. मीरा हा वार्धक्याकडे झुकलेला, फुगलेला तांबडा राक्षसी तारा आहे. त्याचे बाह्य थर आलटूनपालटून प्रसरण आणि आकुंचन पावतात. थर गार झाले की त्यांत टायटॅनियम ऑक्साइडसारखे रेणू तयार होतात आणि दृश्य प्रकाश शोषून घेतात. म्हणून डोळ्याला दिसणारा बदल फार मोठा असतो, अवरक्त प्रकाशात मोजलेला बदल मात्र बराच कमी भरतो. डोळ्याला जे दिसते तो ताऱ्याच्या एकूण उत्सर्जनाचा एक भागच असतो, ही गोष्ट मीरेइतकी ठळकपणे फार थोडे तारे दाखवतात.

अल्गोलची गोष्ट अगदी वेगळी आहे. हा तारा ययाति तारकासमूहात आहे. आकाशाच्या या भागाला मराठीत जी नावे रूढ झाली, ती महाभारतातल्या एकाच कथेतली आहेत: ययाति, देवयानी, शर्मिष्ठा आणि शर्मिष्ठेचा पिता वृषपर्वा. अल्गोलचे तेज एरवी २.१ प्रतीचे असते. दर २ दिवस २० तास ४९ मिनिटांनी ते ३.४ प्रतीपर्यंत घसरते, म्हणजे तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी उरते, आणि सुमारे दहा तासांत ही घसरण आणि भरपाई दोन्ही पुरी होतात.

हा आवर्तकाल शोधणारा जॉन गुडरिक हा इंग्लंडमधल्या यॉर्कचा तरुण कर्णबधिर होता. शेजारी राहणारा एडवर्ड पिगट हा त्याचा निरीक्षणातला सोबती. १७८२ च्या नोव्हेंबरपासून गुडरिकने अल्गोलची नोंद ठेवली आणि पुढच्या वर्षी निष्कर्ष रॉयल सोसायटीपुढे ठेवला. एखादे काळोखे बिंब ताऱ्याभोवती फिरत असावे आणि ते आड आले की प्रकाश अडत असावा, ही शक्यता त्याने मांडली. त्या कामासाठी त्याला १७८३ चे कॉप्ली पदक मिळाले. त्यानंतर १७८४ मध्ये त्याने आणखी दोन तारे ओळखले: स्वरमंडलातला बीटा आणि वृषपर्व्यातला डेल्टा. १७८६ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी, तो वारला. साधने जवळजवळ नसताना इतक्या थोड्या वर्षांत केलेले एवढे नेमके काम खगोलशास्त्राच्या इतिहासात फारसे आढळत नाही.

त्याच्या तर्काला पुरावा मिळायला शंभर वर्षे जावी लागली. १८८९ मध्ये पॉट्सडॅमच्या हर्मन फोगेल यांनी अल्गोलच्या वर्णपटातील रेषा मागेपुढे सरकताना पाहिल्या. तारा खरोखरच एका जोडीदाराबरोबर फिरत होता. अशा जोड्यांना पिधान युग्मतारे म्हणतात. एका ताऱ्याने दुसऱ्याला किती वेळ आणि किती झाकले यावरून दोघांचे आकार काढता येतात. त्याला वर्णपटातून मिळालेल्या वेगांची जोड दिली की वस्तुमानेही हाती येतात. ताऱ्याचे वजन करण्याचा इतका थेट मार्ग दुसरा क्वचितच आहे.

अल्गोलने एक कोडेही घातले. जड तारे आपले इंधन लवकर संपवतात, हा नियम. पण या जोडीत सूर्याच्या तिपटीहून जड असलेला तारा अजून तरुण अवस्थेत आहे आणि सूर्याहून हलका जोडीदार मात्र फुगून म्हातारा झालेला आहे. उत्तर असे, की आजचा हलका तारा पूर्वी दोघांत जड होता. फुगताना त्याच्या बाहेरच्या थरांतले द्रव्य शेजाऱ्याकडे ओढले गेले आणि वजनांची अदलाबदल झाली.

वृषपर्व्यातला डेल्टा तारा ५ दिवस ९ तासांच्या आवर्तनाने ३.५ आणि ४.४ या प्रतींमध्ये बदलतो. चढताना तो घाई करतो, सुमारे दीड दिवस घेतो. उतरायला मात्र जवळजवळ चार दिवस लावतो. येथे ग्रहण नाही, ताराच स्पंदन पावतो. त्यामागचे कारण हेलियम वायूत आहे. ताऱ्याच्या एका थरातला हेलियम तापून आयनित झाला की तो अधिक अपारदर्शक होतो आणि आतून येणारी ऊर्जा अडवतो. दाब वाढतो, थर बाहेर ढकलला जातो. फुगता फुगता तो गार आणि पारदर्शक होतो, अडलेली ऊर्जा निसटते आणि गुरुत्वाकर्षण थराला पुन्हा आत खेचते. उकळत्या पातेल्यावरचे झाकण वाफेने उचलले जावे, वाफ गेली की पुन्हा बसावे, तसा हा प्रकार आहे. तारा सर्वात मोठा झाला की सर्वात तेजस्वी दिसेल, असे वाटते. पण तेजावर आकारापेक्षा पृष्ठभागाच्या तापमानाचा प्रभाव अधिक असतो.

अशा ताऱ्यांना सेफीड म्हणतात. विश्वाचे अंतर मोजण्याची पट्टी त्यांनी दिली. हार्वर्ड वेधशाळेत छायाचित्रांच्या काचा तपासणाऱ्या हेन्रिएटा लेव्हिट यांनी १९०८ मध्ये मॅगेलनच्या दोन मेघांतील १,७७७ रूपविकारी ताऱ्यांची यादी प्रसिद्ध केली. १९१२ मध्ये त्यांनी लहान मेघातले २५ तारे निवडून दाखवले, की आवर्तकाल जितका मोठा, तितका तारा तेजस्वी. मेघातले सारे तारे आपल्यापासून जवळपास सारख्याच अंतरावर असल्याने दिसणारा फरक हा खऱ्या तेजाचाच फरक होता. म्हणजे घड्याळ लावून आवर्तकाल मोजला की ताऱ्याचे खरे तेज कळते, आणि खरे तेज व दिसणारे तेज यांच्या तुलनेतून अंतर निघते. ऑक्टोबर १९२३ मध्ये माउंट विल्सनच्या शंभर इंची दुर्बिणीतून एडविन हबल यांना देवयानीतल्या तेजोमेघात सेफीड सापडला. त्यांनी काढलेले नऊ लाख प्रकाशवर्षांचे अंतर पुढे सुमारे २५ लाखांवर गेले, कारण सेफीड दोन जातींचे असतात हे वॉल्टर बाडे यांनी नंतर दाखवले. पण तो मेघ आपल्या आकाशगंगेबाहेरचे स्वतंत्र तारकाविश्व आहे, हा मूळ निष्कर्ष टिकला.

सगळे तारे इतके नियमित नसतात. उत्तर मुकुटातला आर तारा वर्षानुवर्षे सहाव्या प्रतीवर स्थिर राहतो आणि मग अचानक काही आठवड्यांत कैक प्रतींनी बुडतो. त्याच्या वातावरणातून सुटलेला कार्बन काजळीसारखा गोठून प्रकाशाच्या आड येतो. त्याच तारकासमूहातला टी तारा उलट वागतो. एरवी दहाव्या प्रतीचा हा तारा १८६६ आणि १९४६ मध्ये दुसऱ्या-तिसऱ्या प्रतीपर्यंत उफाळला होता. जोडीदाराकडून श्वेत बटूवर साठत गेलेला हायड्रोजन पेट घेतो, तेव्हा असा स्फोट होतो. मृगातला तांबडा काक्षी २०१९ च्या अखेरीस मंदावू लागला आणि फेब्रुवारी २०२० मध्ये १.६ प्रतीपर्यंत खाली गेला. त्याच्या स्फोटाची चर्चा जगभर झाली. अभ्यासाअंती दिसले ते असे, की ताऱ्याने बाहेर टाकलेला वायू थंड होऊन त्याची धूळ झाली होती आणि ती आपल्या दिशेला होती.

रूपविकारी ताऱ्याचे डोळ्यांनी निरीक्षण करण्याची पद्धत फ्रीड्रिख आर्गेलांडर यांनी एकोणिसाव्या शतकात घालून दिली आणि ती मुळात अजून तीच आहे. निरीक्षक लक्ष्य ताऱ्याजवळचे दोन स्थिर तारे निवडतो, एक थोडा तेजस्वी आणि एक थोडा मंद. समजा त्यांच्या प्रती ३.४ आणि ४.२ आहेत आणि लक्ष्य तारा पहिल्याकडून दुसऱ्याकडे जाणाऱ्या वाटेवर एक चतुर्थांश खाली वाटला, तर त्याची प्रत ३.६. सराव झालेला डोळा प्रतीच्या दहाव्या भागाइतका फरक ओळखतो. डोळे काळोखाला सरावायला किमान पंधरा-वीस मिनिटे द्यावी लागतात. नकाशा पाहायला लाल काच लावलेली बॅटरी वापरतात. तांबड्या ताऱ्याकडे टक लावून पाहिले की तो हळूहळू उजळ भासू लागतो, म्हणून झटपट नजर टाकून निर्णय घ्यावा. सर्वात महत्त्वाचे म्हणजे मागची नोंद आधी पाहू नये. अपेक्षा डोळ्याला फसवते आणि फसलेल्या नोंदीतून कोणताही आलेख खरा येत नाही.

नोंदीत वेळ ज्यूलियन दिनांकाने लिहितात. हा दिवस ग्रीनिचच्या दुपारी, म्हणजे भारतातल्या संध्याकाळी साडेपाच वाजता सुरू होतो. त्यामुळे भारतीय निरीक्षकाची अख्खी रात्र एकाच दिनांकात बसते.

या कामात भारताचा वाटा जुना आहे. मद्रास वेधशाळेतील चिंतामणी रघुनाथाचारी यांनी १८६७ मध्ये दक्षिण आकाशातल्या रेटिक्युलम तारकासमूहातील आर तारा रूपविकारी असल्याचे शोधले. जेसोरच्या सरकारी खजिन्यात नोकरी करणाऱ्या राधागोविंद चंद्र यांनी ३७ हजारांहून अधिक निरीक्षणे नोंदवली. १९११ मध्ये स्थापन झालेल्या अमेरिकी निरीक्षकांच्या संघटनेने त्यांना वापरासाठी सहा इंची दुर्बीण पाठवली होती. महाराष्ट्रात १९४४ पासून पुण्याची ज्योतिर्विद्या परिसंस्था हौशी निरीक्षकांना वाट दाखवत आली आहे.

आज गाया उपग्रहाच्या २०२२ च्या यादीत सुमारे एक कोटी रूपविकारी तारे आहेत. तरी डोळ्यांचे काम संपलेले नाही. मोठ्या सर्वेक्षण दुर्बिणींना काक्षीसारखे ठळक तारे मोजताच येत नाहीत, त्यांच्या संवेदकांना तो प्रकाश पेलत नाही. दीडशे वर्षांपूर्वीच्या नोंदींशी जुळवायला त्याच पद्धतीच्या आजच्या नोंदीही लागतात.

महाराष्ट्रात पावसाळा सरल्यावर आकाश स्वच्छ होते आणि लक्ष्मीपूजन अमावास्येला येत असल्याने चंद्रप्रकाशाचा अडथळा नसतो. फटाक्यांच्या धुरापासून दूर एखादी गच्ची किंवा माळ मिळाला, तर रात्री आठ-साडेआठच्या सुमारास उत्तरेला, शर्मिष्ठेच्या शेजारी, वृषपर्वा चांगला वर आलेला असतो. त्यातल्या डेल्टा ताऱ्याजवळच झीटा आणि एप्सिलॉन हे तुलनेचे दोन तारे आहेत; तिघांचा एक छोटा त्रिकोण होतो. वसुबारसेच्या रात्री पहिली नोंद करावी आणि भाऊबीजेपर्यंत रोज एक करीत जावी. तेवढ्या दिवसांत हा तारा आपले एक आवर्तन जवळजवळ पूर्ण करतो.