कटलेटचा ‘कट’शी संबंध नाही

सोलापूरजवळच्या होटगी जंक्शनवरून एक रेल्वेमार्ग विजयपूर-गदगकडे वळतो, दुसरा कलबुर्गीमार्गे दक्षिणेत जातो. या मार्गांवरच्या लांब पल्ल्याच्या गाड्यांत ‘कटलेट, ब्रेड-कटलेट’ ही हाळी ऐकली नाही असा प्रवासी विरळाच. आणि ती ऐकली की कोणीतरी ठामपणे सांगतोच, ‘भाज्या कट करून करतात, म्हणून कटलेट!’ हे इतक्या वेळा सांगितले गेले आहे की आता ते तपासण्याची गरजही कोणाला वाटत नाही. खरे तर कृतीच याविरुद्ध साक्ष देते. बटाटा उकडून कुस्करायचा, त्यात वाटाणा, गाजर, कधी बीट मिसळायचे, चपटा गोळा ब्रेडच्या चुऱ्यात घोळवून तळायचा. यात महत्त्वाचे काम कुस्करण्याचे आहे, कापण्याचे नव्हे.

शब्द फ्रेंच आहे. ‘कोत’ म्हणजे बरगडी आणि ‘कोतलेत’ म्हणजे लहान बरगडी, म्हणजेच हाडासकट काढलेला मटणाचा किंवा वासराच्या मांसाचा तुकडा. मूळ लॅटिन शब्द ‘कोस्ता’. इंग्रजीने हा शब्द फ्रेंचमधून घेतला, असे ऑक्सफर्डचा इंग्रजी कोशही सांगतो. ‘कट’ हा ओळखीचा शब्द कानात असल्याने इंग्रजांनी उच्चार त्याकडे वळवला, एवढेच. यावर आक्षेप येतो की बरगडीचा तुकडाही कापूनच काढतात ना? काढतात, पण नाव त्यावरून पडलेले नाही. पोर्तुगीजमध्ये ‘कोस्तेलेता’, इटालियनमध्ये ‘कोतोलेत्ता’, रशियनमध्ये ‘कत्लेता’ म्हणतात. यांपैकी एकाही भाषेत कापण्याला ‘कट’ म्हणत नाहीत. पोर्तुगीज शब्दात तर लॅटिनमधला ‘स’ अजून शाबूत आहे.

मग बटाट्याच्या कटलेटला कटलेट म्हणणे चूक का? मुळीच नाही. रशियातही आज ‘कत्लेता’ म्हणजे बहुधा खिम्याची टिक्की. हाड गेले, नाव राहिले. सोलापूरकरांना हे समजावून सांगायला नको. ‘तेल’ हा शब्द तिळावरून आला, पण करडईच्या तेलात तीळ शोधायला कोणी जात नाही. मूळ अर्थ माहीत असावा, पण त्याच्या जोरावर आजचा पदार्थ खोटा ठरवू नये.

असेच आणखी काही गैरसमज. ‘रेस्टॉरंट’ म्हणजे विश्रांतीची जागा नव्हे. पॅरिसमध्ये तो आधी शक्ती भरून आणणारा रस्सा होता, 18व्या शतकात तो विकणाऱ्या जागेला त्याचे नाव मिळाले. ‘बफे’चा अर्थ उभ्याने जेवणे नाही, पदार्थ मांडून ठेवायचे ते फर्निचर. टोमॅटो ऑम्लेटात अंडे नाही म्हणून नाव चुकले म्हणावे, तर मूळ फ्रेंच शब्दातही अंडे नाही. त्याचे मूळ पातळ पात्याच्या अर्थाशी जाते.

दोन शब्द कानाला सारखे लागले, एवढ्यावर व्युत्पत्ती सिद्ध होत नाही. शब्दाचे जुने रूप आणि इतर भाषांतले त्याचे नातलग पाहावेत, मगच ठामपणे सांगावे.