जोगेश्वरीची ‘बॉर्डर’ आणि निकोसियाची हिरवी रेघ

जोगेश्वरी पूर्वेत हिंदू आणि मुस्लिम वस्त्यांच्या मधल्या रस्त्याला लोक वर्षानुवर्षं ‘बॉर्डर’ म्हणत आले आहेत. तिथे ना तारेचं कुंपण आहे, ना चौकीवर कोणी ओळखपत्र मागतं. मेघवाडी, प्रेमनगर, बांद्रा प्लॉट अशी नावं असलेल्या या वस्त्या एकाच टेकडीच्या अंगाखांद्यावर दाटीवाटीने उभ्या आहेत. त्यांचं पाणी एक, रेल्वे स्थानक एक, रोजगाराची वाटही एक. तरीही कुठल्या गल्लीनंतर ‘आपलं’ संपतं हे इथल्या लहान मुलालाही ठाऊक असतं.

अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड ही सगळी उपनगरं साष्टी बेटावर वसली आहेत. उत्तरेला वसईची खाडी, पूर्वेला ठाण्याची खाडी, पश्चिमेला समुद्र. या बेटाच्या दक्षिणेला लागून असलेल्या मुंबई शहराने हिंदू-मुस्लिम दंगल पहिल्यांदा मोठ्या प्रमाणावर पाहिली ती १८९३ साली. त्यानंतरच्या शतकात ती पुन्हा पुन्हा आली, आणि डिसेंबर १९९२ व जानेवारी १९९३ मध्ये तिने सारी हद्द ओलांडली.

न्यायमूर्ती बी. एन. श्रीकृष्ण यांच्या चौकशी आयोगाने या दंगलीतल्या मृतांची संख्या ९०० नोंदवली: ५७५ मुस्लिम, २७५ हिंदू, ४५ जणांचा धर्म कळू शकला नाही आणि ५ इतर. जोगेश्वरीच्या वाट्याला आली राधाबाई चाळ. ७ जानेवारीच्या मध्यरात्रीनंतर गांधी चाळीतल्या, म्हणजे राधाबाई चाळ या नावाने पुढे देशभर गाजलेल्या चाळीतल्या एका हिंदू कुटुंबाच्या खोलीला बाहेरून कडी घालून आग लावण्यात आली. एक पुरुष आणि पाच स्त्रिया मरण पावल्या. ही बातमी शहरभर पसरली आणि सूडाच्या नावाखाली त्याहून कितीतरी अधिक माणसं मारली गेली. राधाबाई चाळीच्या खटल्यात टाडा न्यायालयाने ज्यांना दोषी ठरवलं होतं, ते पुढे सर्वोच्च न्यायालयातून सुटले. त्या सहा जणांना कोणी जाळलं, याचं न्यायालयात टिकणारं उत्तर आजही नाही. दंगलीत माणसं गमावलेल्या शेकडो मुस्लिम कुटुंबांचीही तीच गत आहे.

दंगल थांबली, पण माणसं हलू लागली. मिळेल त्या भावाने खोल्या विकून मुस्लिम कुटुंबं मुंब्र्याला, मीरा रोडला गेली. मुस्लिम वस्तीलगतची हिंदू कुटुंबं ‘आपल्या’ भागात सरकली. ज्या गल्ल्यांत पूर्वी सरमिसळ होती त्या एकरंगी झाल्या. कोणी सरकारी आदेश काढला नव्हता. भीतीनेच नकाशा बदलला.

अशा दुभंगलेल्या बेटाचं जगातलं ठळक उदाहरण सायप्रसचं. डिसेंबर १९६३ मध्ये ग्रीक आणि तुर्की सायप्रसवासीयांत रक्तपात सुरू झाला, तेव्हा मेजर जनरल पीटर यंग या ब्रिटिश अधिकाऱ्याने राजधानी निकोसियाच्या नकाशावर हिरव्या पेन्सिलीने रेघ ओढली. १९६४ पासून तिथे संयुक्त राष्ट्रांची शांतिसेना आहे आणि तिच्याशी भारताचं नातं जवळचं आहे. पहिले सेनापती प्रेमसिंग ग्यानी, त्यांच्यानंतर जनरल थिमय्या आणि पुढे दिवाण प्रेमचंद, हे तिघेही भारतीय. थिमय्यांना तर डिसेंबर १९६५ मध्ये सायप्रसमध्येच मृत्यू आला. १९७४ मध्ये ग्रीक लष्करशाहीच्या पाठिंब्याने सत्तापालट झाला, पाठोपाठ तुर्कस्तानचं सैन्य उतरलं आणि ती रेघ साऱ्या बेटाला चिरत गेली. तीस वर्षांनी संयुक्त राष्ट्रांनी सरचिटणीस कोफी अन्नान यांच्या नावाने एकीकरणाची योजना मांडली. २४ एप्रिल २००४ च्या सार्वमतात तुर्की बाजूच्या सुमारे ६५ टक्के मतदारांनी होकार दिला, ग्रीक बाजूच्या सुमारे ७६ टक्क्यांनी नकार. वर्षानुवर्षांच्या वाटाघाटी एका दिवसात कोसळल्या.

पण त्याच निकोसियात एक काम यशस्वी झालं होतं, आणि ते होतं सांडपाण्याचं. शहर दुभंगलं तरी जमिनीखालच्या नळांना ग्रीक-तुर्की कळत नाही. ग्रीक बाजूचे महापौर लेलोस डेमेट्रियाडेस आणि तुर्की बाजूचे मुस्तफा अकिंजी यांनी १९७० च्या दशकाच्या अखेरीस एकत्र बसून सामाईक मलनिःसारण योजना मार्गी लावली. दोन्ही बाजूंची अधिकृत बोलणी अडलेली असताना अभियंते मात्र एकमेकांशी बोलत होते. हेच अकिंजी २०१५ मध्ये तुर्की सायप्रसवासीयांचे नेते म्हणून निवडून आले.

हे उदाहरण मुंबईला परकं नाही. साष्टीच्या खाडीपलीकडे भिवंडी आहे. यंत्रमागांचं हे गाव १९७० आणि १९८४ च्या दंगलींत होरपळलं होतं. १९८८ मध्ये तिथे पोलीस उपायुक्त म्हणून सुरेश खोपडे आले. त्यांनी दंगल पेटल्यावर धावणारी फौज वाढवली नाही. दंगल नसताना भेटणारी माणसं वाढवली. गल्लोगल्ली मोहल्ला समित्या झाल्या. त्यांत हिंदू-मुस्लिम दोन्ही, आणि केवळ मिरवणारे पुढारी नव्हे, साधे रहिवासी घेतले. बीटवरचा पोलीस त्यांच्यात नियमित बसू लागला. विषय असायचे नळावरचं भांडण, उधारी, घरातली मारहाण, मिरवणुकीचा मार्ग. माणसं एकमेकांना नावाने ओळखू लागली आणि अफवा आली की ती कोणाला विचारून तपासायची हे ठरलं. डिसेंबर १९९२ मध्ये मुंबई पेटली तेव्हा भिवंडी शांत राहिली. दंगल हा नशिबाचा भाग नसतो, याचा याहून मोठा पुरावा महाराष्ट्रात दुसरा नाही.

मुंबईने हा धडा उशिरा घेतला. १९९४ मध्ये निवृत्त पोलीस अधिकारी ज्युलिओ रिबेरो, तेव्हाचे पोलीस आयुक्त सतीश साहनी आणि शांतता कार्यकर्त्या सुशोभा बर्वे यांच्या पुढाकाराने मोहल्ला समिती चळवळ उभी राहिली. पोलीस आणि वस्तीतली मुलं यांचे क्रिकेट सामने भरू लागले. धारावीत भाऊ कोरडे आणि वकार खान या दोघांनी एकोप्याचं काम घरोघरी नेलं. देवनारच्या टाटा समाजविज्ञान संस्थेतल्या अंजली मॉन्टेरो आणि के. पी. जयशंकर यांनी त्यांच्यावर ‘नाता’ हा माहितीपट केला.

या समित्यांची दुबळी बाजूही सांगायला हवी. अधिकारी बदलला की समिती थंडावते. कित्येक ठिकाणी ती ईद आणि गणपतीच्या आधी चहापुरती उरली आहे. शिवाय आता रेघ ओढण्याचं काम दंगलखोर नव्हे, गृहनिर्माण सोसायट्या करतात. एका समाजापुरतं सदस्यत्व राखणाऱ्या अहमदाबादच्या पारशी सोसायटीचा नियम सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये वैध ठरवला. मुसलमान भाडेकरूला नाव ऐकताच ‘जागा गेली’ असं सांगितलं जातं, हे उपनगरातल्या प्रत्येक दलालाला माहीत आहे. २०२३ मध्ये मुलुंडला एका महिलेला मराठी म्हणून कार्यालयासाठी जागा नाकारली गेली, तेव्हा महाराष्ट्र संतापला, आणि ते रास्तच होतं. तोच संताप अन्वर किंवा फातिमा यांच्यासाठीही व्हायला हवा.

आणि केवळ शेजार जुळून भागत नाही. गेलेल्या माणसांचा हिशोब लागावा लागतो. सायप्रसमध्ये १९८१ साली दोन्ही समाजांची मिळून बेपत्तांची समिती नेमली गेली. यादीत २,००२ नावं होती. ग्रीक आणि तुर्की शास्त्रज्ञ एकाच प्रयोगशाळेत एकमेकांच्या माणसांची हाडं ओळखतात, आणि हजाराहून अधिक कुटुंबांना आपल्या माणसाचे अवशेष मिळाले आहेत. मुंबईच्या दंगलीतले १६८ जण बेपत्ता नोंदले गेले. त्यांपैकी भरपाई पोचली केवळ ६० जणांच्या वारसांपर्यंत. नोव्हेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उरलेल्या १०८ कुटुंबांचा शोध घेऊन २२ जानेवारी १९९९ पासूनच्या ९ टक्के व्याजासह दोन लाख रुपये देण्याचा, आणि फायलीत निपचित पडलेले ९७ खटले पुन्हा हाती घेण्याचा आदेश दिला. अंमलबजावणीवर लक्ष ठेवण्यासाठी राज्य विधी सेवा प्राधिकरणाच्या सदस्य सचिवांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली.

यातली बरीच कुटुंबं जुन्या पत्त्यावर सापडत नाहीत, कारण ती मुंब्र्याला, मीरा रोडला, गावाकडे निघून गेली. पण जुने शेजारी अजून जोगेश्वरीत, घाटकोपरमध्ये, कुर्ल्यात राहतात. कोण कुठे गेलं हे त्यांना माहीत असतं. अशा एखाद्या कुटुंबाचा ठावठिकाणा ज्यांना ठाऊक आहे, त्यांनी तो जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवावा. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे वांशिक हिंसाचाराच्या बळींना तिथे वकील मोफत मिळतो.