चाकाला उतार वाटला तर?

रॉबर्ट जॅक्सन बेनेट या अमेरिकन लेखकाची ‘फाउंड्रीसाइड’ ही इंग्रजी कादंबरी २०१८ साली प्रसिद्ध झाली. तिच्यातील टेव्हान नावाच्या काल्पनिक नगरात कारागीर वस्तूंवर विशिष्ट चिन्हे कोरतात. ही चिन्हे वस्तूची चक्क ‘समजूत’ घालतात! चाकांवर चिन्हे कोरली की सपाट रस्त्यावरही चाकांना आपण उतारावर आहोत असे वाटते आणि गाडी घोड्यांवाचून धावू लागते. बाणावर कोरली की समोर सुटलेल्या बाणाला आपण उंचावरून खाली पडतो आहोत असे वाटते.

“जादूच ती, तिला नियम कसले?” असे म्हणून विषय संपवता येईल. पण नववी-दहावीच्या वर्गात ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम शिकवताना या जादूचा चांगला उपयोग होतो. ती खरी मानून हिशेब मांडू या.

समजा, गाडीचे एकूण वस्तुमान ५०० किलोग्रॅम आहे आणि चिन्हांमुळे साऱ्या गाडीलाच १० मीटरला १ मीटर असा उतार ‘वाटतो’. घर्षण सोडून दिले तर गाडीचे त्वरण गुरुत्वीय त्वरणाच्या एक दशांश, म्हणजे ०.९८ मीटर प्रति सेकंद वर्ग होईल. १०० मीटर अंतर काटल्यावर तिचा वेग सेकंदाला १४ मीटर, म्हणजेच ताशी सुमारे ५० किलोमीटर होईल. तिची गतिज ऊर्जा झाली ४९,००० जूल.

आता खऱ्या उतारावरची तशीच गाडी पाहू. १०० मीटरमध्ये ती १० मीटर खाली येते. तिने गमावलेली स्थितिज ऊर्जा ५०० × ९.८ × १० = ४९,००० जूल. दोन्ही आकडे तंतोतंत जुळतात. घाट उतरताना गाडीला मिळणारी ऊर्जा फुकटची नसते. घाट चढताना बैलांनी किंवा इंजिनाने ती आधीच भरलेली असते.

टेव्हानच्या गाडीने मात्र काहीच भरलेले नाही. ती १०० मीटर परिघाच्या गोल, सपाट रस्त्यावर फिरवा. एका फेरीनंतर ती मूळ जागी, मूळ उंचीवर येते, पण ४९,००० जूल अधिक घेऊन! दुसऱ्या फेरीत आणखी तेवढेच. चाकाला डायनॅमो जोडला की इंधनावाचून अखंड वीज मिळेल. कोरलेल्या चार चिन्हांत शाश्वत गतियंत्र लपलेले आहे ते असे.

एक बाजू सतत जड राहील असे चाक बनवण्याची कल्पना फार जुनी आहे. भास्कराचार्यांनी ११५० सालच्या ‘सिद्धान्तशिरोमणी’त पोकळ आऱ्यांमध्ये अर्धवट पारा भरलेल्या, आपोआप फिरणाऱ्या चाकाचे वर्णन केले आहे. असे चाक प्रत्यक्षात फिरत राहत नाही. पाऱ्याचा प्रत्येक थेंब एका फेरीत जितका खाली येतो तितकाच त्याला वर चढवावा लागतो. जमाखर्च शून्य, आणि घर्षणाचे नुकसान वेगळे.

सायमन स्टेव्हिन याने १५८६ साली हीच गोष्ट उलट्या बाजूने वापरली. एका त्रिकोणी ठोकळ्याभोवती समान अंतरावर १४ गोळे ओवलेली माळ त्याने कल्पिली. ठोकळ्याची एक उतरती बाजू दुसरीच्या दुप्पट लांब. म्हणून एका बाजूवर ४ गोळे, दुसरीवर २, उरलेले ८ खाली लोंबकळणारे. चार गोळे जड म्हणून माळ सरकली, तर तिची रचना पुन्हा तशीच होईल आणि ती कायम सरकत राहील. हे अशक्य, म्हणून माळ स्थिरच असली पाहिजे. म्हणजे लांब उतारावरचे ४ गोळे आखूड उतारावरच्या २ गोळ्यांना तोलून धरतात. नततलाचा नियम त्याने असा केवळ विचाराने मिळवला.

बाणाचेही गणित करावे. आडव्या दिशेने ‘पडणारा’ बाण १० मीटर अंतरात सेकंदाला १४ मीटर एवढाच वेग गाठेल. वेगवान गोलंदाजाचा चेंडू याच्या दुपटीहून जलद जातो! बाण घातक व्हायचा तर तो आधीच बराच वेळ पडतो आहे अशी त्याची समजूत घालावी लागेल. २५० मीटर पडल्याचा वेग, हवेचा विरोध सोडून, सेकंदाला ७० मीटर. ५० ग्रॅमच्या बाणाला त्यासाठी सुमारे १२२ जूल हवेत. ते कोणीतरी दिलेच पाहिजेत.

लेखकाने आपल्या जादूला मर्यादा घातल्या आहेत. कारखान्यातील एका प्रचंड यंत्राच्या पल्ल्यातच चिन्हे काम करतात. मग या यंत्राला ऊर्जा कोठून मिळते, हा प्रश्न विद्यार्थ्यांनीच विचारावा. चिन्हे केवळ १०० किलोग्रॅमच्या चाकांनाच फसवत असतील, तर ५०० किलोग्रॅमच्या गाडीचे त्वरण किती, हेही काढायला सांगावे. (उत्तर: सुमारे ०.२ मीटर प्रति सेकंद वर्ग.)

हा केवळ करमणुकीचा भाग नाही. गुरुत्वाकर्षणावर ‘फुकट वीज’ देणाऱ्या यंत्रांच्या चित्रफिती आज मुलांच्या हाती असतात आणि अशा यंत्रांत पैसे गुंतवणारेही भेटतात. तेथे चिन्हांऐवजी लोलक, वजने आणि दातेरी चाके असतात, एवढाच फरक. यंत्राची रचना कितीही गुंतागुंतीची असो, दोनच प्रश्न पुरतात: एका फेरीनंतर प्रत्येक वजन मूळ उंचीवर आले काय? आले असेल, तर मिळालेली ऊर्जा कोणी भरली? हे प्रश्न स्वतःहून विचारणारा विद्यार्थी सहसा फसणार नाही.