दिवा पेटला, पण दोष कुणाचा?

कारवारहून जोयड्याकडे जाणारा रस्ता कद्रा सोडल्यावर अणशीचा घाट चढू लागतो, तेव्हा काळी नदीचे खोरे खाली राहते आणि दोन्ही बाजूंनी गर्द अरण्य रस्त्यावर झुकते. १९८७ साली राष्ट्रीय उद्यान म्हणून घोषित झालेले हे अरण्य आज काळी व्याघ्र प्रकल्पाचा भाग आहे. समुद्रावरून आलेले ढग येथे सह्याद्रीला अडतात. खाली कारवारलाच वर्षाकाठी सुमारे ३००० मिलिमीटर पाऊस पडतो. घाटात तर आषाढ-श्रावणात पावसाला खंड असा नसतोच. अशा दिवसांत या वाटेने जाणाऱ्या वाहनाचा खरा शत्रू चढण नव्हे, वळणे नव्हेत. तो आहे पाणी, आणि तेही रस्त्यावरचे नव्हे, तर बोनेटखाली एखाद्या लहानशा जोडात शिरलेले थेंबभर पाणी.

घडते ते असे. प्रवासी भरलेली एखादी गाडी चढणीला लागते. वळणावर चालकासमोर इंजिनाचा पिवळा दिवा पेटतो. इंजिन आचके देऊ लागते, क्वचित बंदही पडते. थोड्या वेळाने ते पुन्हा सुरू होते आणि जणू काही झालेच नाही अशा थाटात गाडी घाट चढून जाते. दुसऱ्या दिवशी गावातल्या गॅरेजात मेस्त्री स्कॅनर लावतो, अमुक सेन्सर बिघडला असे निदान होते आणि नवा सेन्सर बसतो. आठ दिवस गाडी सुरळीत चालते. मग पुन्हा एक जोराची सर येते, आणि तोच दिवा त्याच वळणावर पुन्हा पेटतो. मालकाचे पैसे गेलेले असतात. मेस्त्रीवरचा विश्वासही जातो. वास्तविक पुष्कळदा सेन्सर निर्दोष असतो. दोष असतो तो सेन्सर आणि तार यांना जोडणाऱ्या प्लास्टिकच्या लहानशा जोडात, ज्याला गॅरेजात कपलर म्हणतात.

सेन्सर म्हणजे यंत्राचे ज्ञानेंद्रिय. इंजिनातले पाणी किती तापले, आत येणारी हवा किती, मुख्य दांडा कोणत्या क्षणी कोठे आहे, चाक किती वेगाने फिरते, हे सारे सेन्सर जाणतो आणि गाडीतल्या संगणकाला कळवतो. हे कळवणे विजेच्या अत्यंत सौम्य भाषेत होते. गाडीची बॅटरी १२ व्होल्टची असली, तरी संगणक बहुतेक सेन्सरना केवळ ५ व्होल्टचा दाब देतो, आणि परत येणाऱ्या दाबातील चढउतारांवरून अर्थ लावतो. समोरच्या दिव्याच्या जोडाला थोडे किटण चढले, तर दिवा जरा मंद जळेल, एवढेच. सेन्सरच्या जोडाला तेवढेच किटण चढले, तर निरोपाचा अर्थच बदलतो.

एका उदाहरणाने हे स्पष्ट होईल. इंजिनातील पाण्याचे तापमान मोजणाऱ्या सेन्सरचा विद्युतरोध उष्णतेबरोबर कमी होत जातो. एका प्रचलित जातीच्या सेन्सरमध्ये तो २० अंश सेल्सिअसला सुमारे २५०० ओहम असतो, तर ८० अंशांना सुमारे ३२० ओहमपर्यंत उतरतो. आता कपलरमध्ये किटण जमून तेथे आणखी १००० ओहमचा रोध उत्पन्न झाला, असे समजा. इंजिन ८० अंशांपर्यंत तापले आहे, पण संगणकाला दिसतात ते १३२० ओहम. तो त्यावरून तापमान ३५ ते ४० अंशांच्या दरम्यान ठरवतो. इंजिन अजून कोमटच आहे अशा समजुतीने तो अधिक पेट्रोल सोडत राहतो. धूर काळा येतो, इंधन वाया जाते, चढणीवर गाडी जड वाटते. कित्येकदा दिवाही पेटत नाही. कारण चाळीस अंश ही काही अशक्य कोटीतील गोष्ट नव्हे. खोटी साक्ष पटण्यासारखी असली, की ती पकडणे अवघड जाते.

आता हा कपलर बिघडतो कसा ते पाहू. त्यातील टाचण्या आणि त्यांना बिलगणारी घरे सामान्यतः तांब्याच्या मिश्रधातूची असून त्यांवर कथलाचा पातळ थर असतो. ज्या घरांत पितळेची भांडी वापरली जात, तेथे हे निराळे समजावून सांगण्याची गरज नाही. ही कल्हईच होय. कल्हई उडालेल्या भांड्यात ताक कळकते, तसाच कल्हई उडालेल्या टाचणीवर ओलाव्याने हिरवट थर चढतो. पाणी आत शिरू नये म्हणून कपलरला रबराची कडी असते. पण उन्हाने व इंजिनाच्या धगीने ती काही वर्षांत कडक होते. तापलेल्या कपलरवर डबक्यातले थंड पाणी उडाले, की आतली हवा आकसते आणि त्या जीर्ण कडीच्या फटीतून पाणी आत ओढले जाते. तारेचे वेष्टन कोठे फाटले असेल, तर समईतील वात तेल ओढून घेते त्याप्रमाणे आतल्या तांब्याच्या बारीक तारा पाणी ओढून दूरवर नेतात. म्हणून फाटलेली जागा एकीकडे आणि किटण दुसरीकडे, असाही प्रकार आढळतो.

पाण्याशिवाय दुसरे कारण म्हणजे कंप. खडबडीत रस्त्यावर टाचणी आपल्या घरात डोळ्यांना न दिसण्याइतकी हलत राहते. त्या घासण्याने कथलाचा थर झिजतो आणि त्याची गंजलेली पूड संपर्काच्या जागीच साठते. कपलर काढून पुन्हा बसवला, की घर्षणाने ही पूड पुसली जाते आणि संपर्क काही दिवस पूर्ववत होतो. वर सांगितलेल्या आठ दिवसांच्या सुखाचे रहस्य येथे आहे. मेस्त्रीने नवा सेन्सर बसवताना कपलर काढला व लावला. गाडी सुधारली ती त्या काढण्या-लावण्याने. श्रेय मात्र नव्या सेन्सरला मिळाले.

मग स्कॅनर खोटे सांगतो काय? नाही, त्याचे सांगणे समजून घेतले जात नाही, एवढेच. अमेरिकेत १९९६ सालच्या मोटारींपासून एकसारखा १६ टाचण्यांचा तपासणी-जोड आणि ठराविक सांकेतिक क्रमांक सक्तीचे झाले. पुढे भारतातही ही पद्धत आली, आणि १ एप्रिल २०२० पासून लागू झालेल्या भारत स्टेज सहाच्या गाड्यांत तर तिला फार महत्त्व आहे. या पद्धतीत पी ०११८ असा क्रमांक उमटला, तर त्याचा अर्थ पाण्याच्या तापमानाच्या मंडलातून येणारा दाब वाजवीपेक्षा अधिक आहे, इतकाच. मंडल या शब्दावर येथे भर आहे. त्या मंडलात सेन्सर येतो, कपलर येतो, तारा येतात आणि संगणकही येतो. क्रमांक म्हणजे आरोपपत्र होय, निकाल नव्हे. निकालासाठी तपास करावा लागतो.

या तपासाचा क्रम महत्त्वाचा आहे. पहिली तपासणी डोळ्यांची. कपलरला हात लावण्यापूर्वी त्याची कुलूपपट्टी तुटली आहे काय, तार ताणली गेली आहे काय, उंदरांनी वेष्टन कुरतडले आहे काय, हे पाहावे. नंतर इंजिन चालू ठेवून व स्कॅनरवर त्या सेन्सरचा आकडा समोर ठेवून, फिरत्या पट्ट्यापासून आणि पंख्यापासून हात दूर राखीत, तार व कपलर हलक्या हाताने हलवावे. आकडा उडी मारू लागला अथवा इंजिन अडखळले, की दोषाची जागा सापडली. ही परीक्षा कपलर काढण्याआधीच करावयाची. कारण एकदा काढून लावल्यावर पुरावा पुसला जातो.

पाण्याच्या तापमानाचा सेन्सर दोन तारांचा असेल, तर पुढची परीक्षा सोपी असून निर्णायक आहे. चावी फिरवून, इंजिन न चालवता, कपलर सोडवला, की अनेक गाड्यांत स्कॅनरवर उणे ४० अंश असा आकडा दिसतो. मंडल तुटल्याची ती खूण होय. मग कपलरच्या दोन घरांत बारीक तार अलगद टेकवून ती जोडली, की आकडा एकदम सर्वाधिक उष्णतेकडे गेला पाहिजे. दोन्ही उत्तरे बरोबर आली, तर तारा व संगणक ठीक आहेत. उणे ४० जागचा हलला नाही, तर दोष तारेच्या बाजूला आहे. तारा ठीक निघाल्या आणि सेन्सरचा रोधही मल्टिमीटरवर तापमानाला साजेसा आला, तर संशय उरतो तो दोघांच्या मधल्या संपर्कावर. मात्र तीन तारांच्या सेन्सरवर हा जोडणीचा प्रयोग कधीही करू नये. ५ व्होल्टची तार भलतीकडे टेकली, तर एकाच वेळी अनेक सेन्सर मुके होतात. तेथे कपलरच्या मागच्या बाजूने बारीक टोक सरकवून दाब मोजावा. तारेच्या वेष्टनाला सुई टोचण्याची सवय सोडावी. आजचे भोक हे उद्याचे पाण्याचे दार होय.

दोष सापडला, की दुरुस्ती त्याच्या मानाने करावी. केवळ ओल किंवा हलके किटण असेल, तर विद्युत संपर्कासाठी मिळणारा फवारा वापरून, मऊ ब्रशाने पुसून कपलर पूर्ण सुकू द्यावा. कानस किंवा पॉलिश-पेपर वापरू नये. त्याने किटणाबरोबर कल्हईही जाते आणि दोष दुप्पट वेगाने परततो. घर सैल झाले असेल, तर त्याच मापाची सुटी टाचणी घालून पाहावी. ती किंचित पकड देऊन निघाली पाहिजे. आपोआप गळून पडली, तर ते घर बदलणे हाच उपाय. टाचण्या हिरव्या पडून खचल्या असतील, तर तारांसकट मिळणारा नवा कपलर जोडावा. तारा जोडताना काळी पडलेली टोके चकचकीत तांबे लागेपर्यंत छाटावी, सर्व जोड एकाच जागी न आणता मागेपुढे ठेवावे, आणि प्रत्येकावर आतून गोंद असलेली, उष्णतेने आवळणारी नळी चढवावी. नुसती चिकटपट्टी गुंडाळलेला जोड अणशीच्या एका पावसाळ्यातही टिकणार नाही. मुख्य दांड्याच्या किंवा चाकाच्या सेन्सरच्या तारा एकमेकींना पीळ घालून आणलेल्या असतील, तर तो पीळ तसाच राखावा. बाहेरचा विद्युत गोंगाट त्यानेच थोपवला जातो. शेवटी तारेला कपलरच्या अलीकडे खाली झुकणारा वळसा द्यावा, म्हणजे ओघळणारे पाणी कपलरात न जाता त्या वळशावरून खाली गळेल. रबराच्या कडीला सिलिकॉनचे वंगण हलके लावावे. ते वीज वाहून नेण्यासाठी नव्हे, पाणी रोखण्यासाठी असते.

काही जागी मात्र हौशी हाताने जाऊच नये. पिवळ्या वेष्टनाच्या तारा व कपलर बहुधा अपघातप्रसंगी फुगणाऱ्या एअरबॅगचे असतात, आणि विजेवर किंवा अंशतः विजेवर चालणाऱ्या गाड्यांतील नारिंगी तारांत प्राणघातक दाब असतो. चाकांची अडणूक टाळणाऱ्या एबीएस यंत्रणेचा पिवळा दिवा पेटला, तर साधे ब्रेक सामान्यतः चालू असतात, पण निसरड्या उतारावर चाके अडकून गाडी घसरण्याची भीती उभी राहते; अशा वेळी वेग कमी करून अंतर राखीत उतरावे. तांबडा ब्रेकचा दिवा पेटला, तर घाट उतरण्याचे धाडस करू नये.

कोकणपट्टीत मृग लागण्यापूर्वी आगोटीची कामे उरकण्याची रीत आहे. घर शाकारतात, लाकूडफाटा भरतात, धान्य सुरक्षित ठेवतात. त्या कामांत आणखी एकाची भर घालणे शहाणपणाचे ठरेल. वैशाखाच्या कोरड्या दिवसांत मेस्त्रीकडून गाडीचे उघड्यावरचे कपलर एकेक करून पाहून घ्यावे, कडक झालेल्या कड्या बदलाव्या, सुटलेल्या तारा बांधून घ्याव्या. इंजिनावर जोराच्या पाण्याचा फवारा मारून ते धुण्याचा मोहही आवरावा. जो कपलर पावसाने बिघडला नसता, तो या स्नानाने बिघडतो.

पूर्वीच्या जीपगाडीत असे सेन्सर नव्हते, बिघाड बहुधा डोळ्यांना दिसे आणि कानाला कळे. आता गाडी आपला बिघाड आकड्यांत सांगते; पण आकडा वाचणे म्हणजे निदान करणे नव्हे. जो मेस्त्री नवा सेन्सर मागवण्याआधी जुना कपलर उघडून उजेडात धरतो, त्याला गिऱ्हाइकाने दोन पैसे अधिक दिले तरी तो सौदा स्वस्तच पडतो. भर पावसात, दाट झाडीत, जेथे हाक मारली तर ओ देणारे कोणी नाही अशा वळणावर गाडी चालत राहते, ती अशाच हातांच्या भरवशावर.