घुमारा धरून ठेवणारं वाद्य

बीड जिल्ह्यातल्या गावात सप्ताह बसला की कुणी मनगटावरच्या घड्याळाकडे बघत नाही. पहाटे काकडा, सकाळी ज्ञानेश्वरीचं पारायण, दुपारी गाथाभजन, दिवेलागणीला हरिपाठ, रात्री कीर्तन, मग जागर. सात दिवस वीणा खाली टेकत नाही. पहारा बदलला की ती एका गळ्यातून दुसऱ्या गळ्यात जाते, तार मात्र वाजतच राहते. शेतातून आलेला माणूस हातपाय धुऊन पहाऱ्याला उभा राहतो. वेळ अखंड ठेवायची जबाबदारी वीणेची. तोच वेळ सैल सोडायचा, ताणायचा, आवळायचा, हे काम पखवाजाचं.

हा मुलूख गडांचा, म्हणजे वारकरी मठांचा. नारायणगड, गहिनीनाथगड आणि नगरच्या हद्दीवरचा भगवानगड. संत भगवानबाबा मूळचे पाटोदा तालुक्यातल्या सावरगाव घाटचे. त्यांच्या गडाचा नारळी सप्ताह दरवर्षी नव्या गावी भरतो. याच गावांतली माणसं दसरा-दिवाळीनंतर कोयता घेऊन ऊसतोडीला जातात. तिथे त्यांचा वेळ मुकादमाची उचल आणि कारखान्याची गाडी ठरवते. रात्री दोनला गाडी भरायला बोलावलं तरी उठावं लागतं. सप्ताहातले सात दिवस मात्र त्यांचे स्वतःचे असतात. म्हणूनच, मला वाटतं, पखवाजाला इथे इतका मान आहे आणि वाजवणाऱ्याला मृदंगाचार्य म्हणतात.

वाद्याची जुळवणी जवळून बघण्यासारखी असते. खोड लाकडी, आतून पोखरलेलं. दोन्ही तोंडांवर कातडी पुड्या, वादीने एकमेकींशी आवळलेल्या, वादीखाली लाकडी गठ्ठे. उजव्या पुडीवर शाई. लोहकीट आणि खळ यांचा लगदा पातळ थरांनी चढवायचा, प्रत्येक थर दगडाने घोटायचा, तो वाळला की पुढचा. अशी कित्येक थरांची काळी टिकली तयार होते. डाव्या तोंडाला, म्हणजे धुमेला, गव्हाची कणीक. ती कीर्तनाआधी मंडपातच भिजवतात. मृदंगाचार्य ओला गोळा पुडीच्या मध्यावर थापतात, बोटांनी पसरतात, एक थाप देऊन कान लावतात, चिमूटभर काढतात, पुन्हा थाप. कणीक वाढली की आवाज खाली जातो, सुकली की वर चढतो, म्हणून शेजारी पाण्याची वाटी. मग उजवी बाजू. गजऱ्यावर, म्हणजे पुडीच्या गुंफलेल्या कडेवर, हातोडीचे हलके ठोके देत ती गवयाच्या पट्टीला आणायची. श्रावणातल्या दमट हवेत कातडं सैल पडतं, उन्हाळ्यात ताणतं. चैत्रातला सप्ताह आणि श्रावणातला सप्ताह यांत एकाच पखवाजाला वेगळं वागवावं लागतं.

एवढा खटाटोप कशासाठी, याचं उत्तर भौतिकशास्त्रज्ञ चंद्रशेखर वेंकट रामन यांनी १९२० साली ‘नेचर’मध्ये दिलं. साध्या ढोलाच्या कातड्यातून निघणारे वरचे नाद एकमेकांशी जुळत नाहीत, म्हणून त्यातून स्वर नव्हे, नुसता धडाका ऐकू येतो. शाईच्या वजनामुळे ते नाद सुरेल नात्यात बसतात. कातड्याच्या कंपनाचे नऊ प्रकार पाच स्वरांत गोळा होतात, असं रामन यांनी पुढे दाखवलं. नादाला स्वर आला की त्याला आस येते, घुमारा टिकतो.

आणि वेळेचं सगळं गुपित या घुमाऱ्यात आहे. भजनी ठेका आठ मात्रांचा. अभंगाची पहिली ओळ संथ लयीत सुरू होते तेव्हा दोन मात्रांमध्ये बरीच जागा असते. तिथे ‘धा’, ‘दिं’ असे खुले बोल वाजतात. थाप पडून गेल्यावरही नाद मंडपात फिरत राहतो आणि पुढच्या मात्रेपर्यंत ऐकणाऱ्याला धरून ठेवतो. हा घुमारा नसेल तर संथ लय नुसती रटाळ वाटेल. कीर्तनकाराने खूण केली की दुगुन सुरू होते: मात्रा तेवढ्याच, बोल दुप्पट. आता ‘कत’, ‘तिट’ असे बंद बोल येतात, म्हणजे हात पुडीवरच राहतो आणि नाद तिथेच मिटतो. टाळकऱ्यांची पावलं उचलतात. शेवटी तिहाई, एकच बोलसमूह तीनदा, आणि तिसऱ्याचा अखेरचा ठोका नेमका समेवर, म्हणजे ठेक्याच्या पहिल्या मात्रेवर. दोन तासांचं कीर्तन कधी सरलं ते कळत नाही, ते यामुळे. नाद केव्हा सोडायचा आणि केव्हा मिटवायचा, एवढीच ती विद्या. हाताला ती वळायला मात्र वर्षं लागतात.

विष्णुबुवा जोग महाराजांनी १९१७ साली आळंदीत वारकरी शिक्षण संस्था काढली, आणि आजही आळंदीत लहान मुलं पखवाज मांडीवर घेऊन बसलेली दिसतात. शिकणाऱ्यांची वाण नाही. मला चिंता आहे ती मंडपातल्या ध्वनिक्षेपकाची. गावं वर्गणी काढून मोठमोठे स्पीकर लावतात आणि साउंडवाला पखवाजाच्या माइकला इको चढवतो. मग मृदंगाचार्यांनी हात दाबून मिटवलेला ‘कत’ स्पीकरमधून घुमतच राहतो. बंद आणि खुला यांतला फरक पुसला जातो, दुगुनीतले बोल एकमेकांवर चढतात आणि मागे उभ्या टाळकऱ्यांना समेची जागा कळेनाशी होते. सप्ताहाच्या कमिट्यांनी मंडप ठरवतानाच साउंडवाल्याला बजावून ठेवावं: आवाज हवा तेवढा ठेव, पखवाजाला इको लावू नकोस.