थिरथिऱ्याच्या तारखा कोणी लिहायच्या?

दसरा-दिवाळीच्या सुमारास प्रवरेकाठच्या बेलापुरात एक चिमुकला पाहुणा मुक्कामाला येतो. शाळेच्या कुंपणाची भिंत, पडक्या वाड्याचा दगड, विहिरीचा काठ, असे एखादे आसन तो निवडतो, दर घडीला मान लववतो आणि शेपूट थरथरवतो. म्हणूनच त्याचे नाव थिरथिरा. काळा गळा, तांबूस पोट आणि वजन जेमतेम पंधरा ग्रॅम. एवढा जीव हिमालयाच्या खडकाळ उंचीवरून किंवा त्याही पलीकडून दख्खनच्या पठारावर येतो आणि उन्हे तापू लागली की परततो. त्याची दखल मात्र फारसे कोणी घेत नाही.

त्याचेच भाऊबंद, चीरक आणि दयाळ, गावात बारमाही असतात. इंग्रजीत या दोघांच्याही नावात ‘रॉबिन’ आहे. पण हे रॉबिन स्थलांतर करीत नाहीत. ज्याला घराजवळच वर्षभर किडा-मुंगी मिळते त्याने घर का सोडावे? थिरथिऱ्याच्या मायभूमीत हिवाळ्यात बर्फ पडते, किडे नाहीसे होतात, म्हणून त्याला निघावे लागते. मूळ युरोपीय रॉबिनमध्ये तर एकाच जातीत दोन्ही रीती आढळतात. इंग्लंडमधील बहुतेक रॉबिन हिवाळ्यातही आपल्या बागेतच राहतात. स्कँडिनेव्हियातील मात्र शरद ऋतूत नैर्ऋत्य युरोपची वाट धरतात.

रात्रीच्या अंधारात ही वाट सापडते कशी, याचे एक उत्तर याच रॉबिनने दिले. १९६० च्या दशकात जर्मनीतील फ्रँकफुर्ट येथे वोल्फगांग विल्चको यांनी पिंजऱ्यातील रॉबिनभोवतीचे चुंबकीय क्षेत्र बदलले, तेव्हा पक्ष्यांची निघण्याची दिशाही बदलली. पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राचा कल या पक्ष्यांना जाणवतो, हे १९७२ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने दाखविले. पुढे २०१४ साली ओल्डेनबुर्ग विद्यापीठातील शास्त्रज्ञांनी आणखी एक गोष्ट जगापुढे मांडली. शहरातील विद्युत उपकरणांतून निघणाऱ्या क्षीण लहरींनी रॉबिनचे हे होकायंत्र बिघडते. पिंजऱ्याच्या खोलीला ॲल्युमिनियमचे पत्रे लावून ते जमिनीशी जोडले की पक्ष्याला पुन्हा दिशा सापडते. माणसाचा उपद्रव असा अदृश्यही असतो.

बेलापूरच्या परिसरातील उपद्रव अधिक उघड आहे. भंडारदऱ्याचे धरण १९२६ साली पूर्ण झाले, प्रवरेचे कालवे वाहू लागले आणि ज्वारी-बाजरीच्या या मुलखात ऊस उभा राहिला. हरेगावच्या कारखान्याने बेलापूरचे नाव साखरेशी जोडले. पाण्याने माणसांना सुबत्ता दिली, तिच्याविरुद्ध तक्रार करण्याचे कारण नाही. परंतु थिरथिऱ्याला भक्ष्य टिपण्यासाठी मोकळी जमीन आणि बसण्यासाठी उंचवटा लागतो. डोक्याएवढ्या उसाच्या दाटीत त्याचे भागत नाही. पडीक तुकडे, दगडी बांध आणि गावकुसाची मोकळी जागा हाच त्याचा आसरा, आणि तोच कमी होत चालला आहे.

गंमत अशी की दुसऱ्या एका परदेशी पाखराची शेतकऱ्याला पक्की ओळख आहे. भोरड्यांचे थवे ज्वारीवर उतरले की माळ्यावरून गोफण फिरे. जे पाखरू कणीस खाते त्याची आठवण राहते. जे निमूटपणे किडे वेचते ते विस्मरणात जाते!

थिरथिरा पूर्वीपेक्षा उशिरा येतो काय, लवकर जातो काय, याचे उत्तर आठवणींच्या आधारे देता येणार नाही. त्यासाठी लेखी तारखा हव्यात, आणि त्या एकाच गावातून वर्षानुवर्षे हव्यात. मुंबईच्या नॅचरल हिस्ट्री सोसायटीने १९५९ पासून पक्ष्यांच्या पायांत कडी अडकवून स्थलांतराचा माग काढला. बंगळुरूच्या राष्ट्रीय जीवविज्ञान केंद्राने २००७ साली हिवाळी पाहुण्यांच्या पहिल्या दर्शनाच्या तारखा सामान्य नागरिकांकडून मागविण्यास आरंभ केला. तालुक्याच्या पावसाची जशी नोंद होते, तशी गावच्या पाहुण्याची शाळेत का होऊ नये?

शिक्षकांवर जनगणनेपासून निवडणुकीपर्यंत कामांचा भार आहेच, असे कोणी म्हणेल, आणि ते खोटे नाही. पण हे काम मुलांचे आहे. एक वही, पहिल्या दर्शनाची तारीख, जागा आणि पाहणाऱ्याचे नाव, एवढे पुरे. शेवटची तारीख मात्र अवघड. येणारा दिसतो, जाणारा सांगून जात नाही. म्हणून फाल्गुन-चैत्रात रोज त्याच भिंतीकडे पाहावे लागेल आणि न दिसल्याचीही नोंद करावी लागेल.

मादीच्या बाबतीत फसगत होण्याचा संभव आहे. थिरथिऱ्याची मादी मातकट, चीरकाचीही मातकटच. अशा वेळी शेपटीकडे पाहावे. चीरकाची शेपटी काळसर आणि पाठीवर उभारलेली असते; थिरथिऱ्याची विटकरी असते आणि क्षणभरही स्थिर राहत नाही.