पिझ्झ्याच्या पलीकडे, तुरीन!

टस्कनीचं ऊन आणि व्हेनिसच्या होड्या नंतर. आधी भेटा तुरीनमधल्या एका कुटुंबाला आणि त्याच्या अवतीभवती जन्मलेल्या पुस्तकांना...

इटली म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काय येतं? पिझ्झा, पास्ता, पिसाचा कललेला मनोरा आणि सिनेमाची मेमरी चांगली असेल तर 'हम दिल दे चुके सनम'मधली ऐश्वर्या. आता गंमत बघा. १९९९ च्या त्या सिनेमातली 'इटली' शूट झाली होती हंगेरीत, बुडापेस्टला. म्हणजे आपल्या मनातली इटली बऱ्याचदा इटलीसुद्धा नसते!

पुस्तकांच्या दुकानातही तोच प्रकार. 'इटली' म्हणून जे पटकन हाताला लागतं ते बाहेरून आलेल्यांनी लिहिलेलं. फ्रान्सिस मेज यांचं 'अंडर द टस्कन सन' (१९९६), म्हणजे पडकं घर घ्या, डागडुजी करा, ऑलिव्हचं तेल काढा. एलिझाबेथ गिल्बर्ट यांचं 'ईट, प्रे, लव्ह' (२००६), म्हणजे घटस्फोट झालाय, रोमला जा, मनसोक्त खा. ('प्रे'चं खातं आपल्या देशाकडे!) वाचायला मजा येते, मीही दोन्ही एका दमात संपवलीत. पण या पुस्तकांमधला इटालियन माणूस कोण असतो? गवंडी, आचारी, नाहीतर हँडसम शेजारी. त्याला बॉस नसतो, टार्गेट नसतं आणि जेवणाच्या टेबलावर वडिलांशी वाजत नाही.

तशी इटालियन माणसांशी आपली ओळख जुनी. मॅझिनीच्या आत्मचरित्राचं सावरकरांनी केलेलं मराठी भाषांतर १९०७ साली प्रसिद्ध झालं होतं. तो मॅझिनी पारतंत्र्यातल्या वाचकासाठी होता. क्यूबिकलमधल्या वाचकाने मात्र थेट तुरीन गाठावं. आल्प्सच्या पायथ्याचं, थंडीत धुक्यात बुडणारं, कारखान्यांचं शहर. १८९९ मध्ये फियाट इथेच सुरू झाली. टूरवाले इथे फारसे थांबत नाहीत. थांबायला हवं!

घरातली डिक्शनरी

शहरात एक प्राध्यापक होते, जुझेप्पे लेव्ही. विषय शरीररचनाशास्त्र, स्वभाव तापट, आवाज त्याहून मोठा. विद्यार्थी असे घडवले की त्यांतल्या तिघांना पुढे नोबेल मिळालं. घरी मात्र त्यांच्या धाकट्या मुलीच्या लक्षात राहिली ती त्यांची ओरडण्याची ठरलेली वाक्यं. ही मुलगी म्हणजे नातालिया गिन्झबर्ग आणि तिचं पुस्तक 'फॅमिली लेक्सिकन' (मूळ इटालियन १९६३).

पुस्तकाला रूढ अर्थाने कथानक नाही. आहेत ती घरातली बोलणी. वडील कशाला काय म्हणायचे, आई कुठली जुनी गोष्ट शंभरदा सांगायची. नातालिया सुरुवातीलाच सांगून टाकते की यातलं काहीही रचलेलं नाही, पण वाचा कादंबरीसारखं.

मला हे पुस्तक भिडलं कारण अशी डिक्शनरी आमच्याही घरात आहे. जेवणवेळ टळली तरी न हलणाऱ्या पाहुण्याला आमच्याकडे 'मुक्कामी एसटी' म्हणतात. न्यू जर्सीतल्या माझ्या आतेभावाने मागे फक्त तीन शब्द मेल केले, 'मुक्कामी एसटी आलीय', आणि इकडे सगळे खो खो हसत सुटले. त्याच्या मुलांना हे कळत नाही. आजी गेली, आता हे शब्द वापरणारे आम्ही सहाजण उरलोय. एखादी भाषा इतकी छोटीही असू शकते आणि ती मरूही शकते, हे मला नातालियामुळे कळलं.

कारण तिच्या घराचं नुसतं हसणं नाही राहिलं. घर ज्यू आणि मुसोलिनीच्या विरोधातलं. तिचा नवरा लिओने गिन्झबर्ग १९३३ मध्ये सुरू झालेल्या एनाउदी या प्रकाशन संस्थेच्या संस्थापकांपैकी एक. १९४० पासून सरकारने त्याला आब्रुझ्झोमधल्या एका खेड्यात नजरकैदेत ठेवलं, नातालिया मुलांना घेऊन तिथे राहिली. १९४३ मध्ये जर्मनांनी रोम ताब्यात घेतल्यावर तो पकडला गेला आणि फेब्रुवारी १९४४ मध्ये रोमच्या तुरुंगात छळामुळे मेला. वडिलांच्या एकेका शिवीवर रमणारी ही लेखिका नवऱ्याचा मृत्यू मोजक्या ओळींत उरकते. मी तो भाग पुन्हा मागे जाऊन वाचला. वाटलं, काहीतरी सुटलं की काय. सुटलं नव्हतं. तिला तेवढंच बोलायचं होतं.

नऊ ते सहा आणि त्यानंतर

तुरीनचा दुसरा लेव्ही म्हणजे प्रिमो. आडनाव सारखं, नातं नाही. हा केमिस्ट. १९३८ च्या वंशभेदी कायद्यांनंतर कसाबसा पदवीधर झाला, १९४३ मध्ये पकडला गेला, १९४४ मध्ये आउशविट्झला पाठवला गेला. तिथे एका जर्मन डॉक्टरेटवाल्याने त्याची रसायनशास्त्राची तोंडी परीक्षा घेतली. जगातला सगळ्यात भयंकर इंटरव्ह्यू! पास झाला म्हणून शेवटचे काही महिने लॅबमध्ये काम मिळालं आणि जीव वाचायला मदत झाली.

परत येऊन त्याने 'इफ धिस इज अ मॅन' लिहिलं. एनाउदीने ते नाकारलं. नकार देणाऱ्यांमध्ये कोण असावं? तिथे संपादक असलेली, स्वतःचा नवरा गमावलेली नातालिया! १९४७ मध्ये एका छोट्या प्रकाशकाने २,५०० प्रती काढल्या. एनाउदीने ते छापलं थेट १९५८ मध्ये.

मधली अकरा वर्षं लेव्हीने काय केलं? रंग बनवले. तुरीनजवळच्या पेंट फॅक्टरीत तो जवळजवळ तीस वर्षं नोकरीत होता, मॅनेजर झाला. लिहायचा संध्याकाळी आणि सुट्टीच्या दिवशी. १९७५ मध्ये आलेल्या 'द पिरिऑडिक टेबल'मध्ये एकवीस प्रकरणं आहेत, प्रत्येकाला एका मूलद्रव्याचं नाव. त्यातलं 'व्हॅनेडियम' हे प्रकरण तर चक्क ऑफिसच्या पत्रव्यवहाराचं आहे. जर्मनीहून आलेला रेझिनचा माल खराब निघतो, कम्प्लेंट जाते, सप्लायरचं गुळगुळीत उत्तर येतं. पत्रात 'नाफ्थेनेट' हा शब्द 'नाप्तेनेट' असा लिहिलेला असतो. लेव्हीला आठवतं, आउशविट्झच्या लॅबमधला एक साहेब असेच उच्चार करायचा. नाव तेच, म्युलर. हाच का तो माणूस? पुढचं सांगत नाही. वाचा!

माझा एक मित्र हिंजवडीत टीम लीड आहे. त्याला नोकरी सोडून पूर्णवेळ लिहायचंय आणि मी फ्रीलान्सर असल्यामुळे सल्ला माझ्याकडे मागतो. मी त्याला हे पुस्तक दिलं. वाचून तो वैतागला. म्हणाला, 'म्हणजे सोडू नको असंच म्हणायचंय ना तुला?' नाही रे बाबा! दर महिन्याला चेकची वाट बघणं म्हणजे काय असतं, हे मला चांगलं माहितीय, त्यामुळे 'सोड' असंही मी बिनधास्त म्हणणार नाही. मुद्दा वेगळा आहे. लेव्हीने नोकरीला लेखनाची सवत मानलं नाही. वजन करणं, गाळणं, चुकलं तर पुन्हा करणं, ही शिस्त त्याच्या वाक्यांत उतरली. मित्राने राजीनामा अजून दिलेला नाही. दोन गोष्टी मात्र लिहून झाल्यात, त्यातली एक सर्व्हर डाऊन झालेल्या रात्रीची आहे. ती चांगली आहे.

लेव्हीचं 'द रेंच' (१९७८) तर पूर्णपणे कामावरच आहे. देशोदेशी क्रेन आणि पूल उभारणारा फाउसोने आपले किस्से सांगतो, त्यातला एक भारतातल्या नदीवरच्या झुलत्या पुलाचा. आपल्या कामावर प्रेम असणं हे या पृथ्वीवरच्या सुखाच्या अगदी जवळ जातं, असा या पुस्तकाचा सूर. हे कुठल्या मोटिव्हेशनल गुरूने म्हटलं असतं तर मी हसले असते. पण काम माणसाला मुक्त करतं ही छावणीच्या दारावरची पाटी या माणसाने कैदी म्हणून वाचली होती. त्यानंतरही तो कामाच्या बाजूने बोलतो, तेव्हा ऐकावं लागतं.

फॉर्म न भरणारा उमेदवार

नातालियाच्या मोठ्या बहिणीचा, पाओलाचा, नवरा कोण माहितीय? टाइपरायटरवाला आद्रियानो ऑलिव्हेत्ती! कंपनी १९०८ मध्ये त्याच्या वडिलांनी तुरीनजवळच्या इव्रेआत काढली. आद्रियानोने तिथे कामगारांसाठी लायब्ररी उभारली, पाळणाघरं काढली, जेवणाच्या सुट्टीत व्याख्यानं ठेवली. आज कॉर्पोरेट कॅम्पस म्हणून जे मिरवतात, त्याचं हे मूळ रूप म्हणा हवं तर. २०१८ मध्ये इव्रेआला युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत स्थान मिळालं.

लिओने पकडला गेल्यावर रोममध्ये नातालियाच्या दारात येऊन 'ताबडतोब निघ' सांगणारा हाच. मोठ्या कंपनीचा मालक खोल्याखोल्यांतून वाकून तिच्या मुलांचे कपडे आणि बूट गोळा करतोय, हे दृश्य 'फॅमिली लेक्सिकन'मध्ये आहे. 'लीडरशिप'वरची पुस्तकं खूप निघतात. मला ही एवढी दोन-चार वाक्यं पुरतात.

पण गोड गोड चित्र इथेच संपत नाही. ऑलिव्हेत्तीने लेखकांना नोकऱ्या दिल्या आणि लेखक ते शेवटी! ओत्तिएरो ओत्तिएरी हा नेपल्सजवळच्या पोत्सुओलीच्या नव्या फॅक्टरीत माणसं निवडायच्या खात्यात होता, म्हणजे आजच्या भाषेत एचआर. त्याने १९५९ मध्ये 'दोन्नारुम्मा आल्लास्साल्तो' ही डायरीच्या रूपातली कादंबरी लिहिली. समुद्रकाठची देखणी फॅक्टरी, गेटबाहेर बेकारांची गर्दी, आत मानसशास्त्रीय चाचण्या. एक दिवस दोन्नारुम्मा येतो आणि अर्ज भरायलाच नकार देतो. मला काम करायचंय, फॉर्म कशाला? निवड करणाऱ्याकडे याचं उत्तर नसतं. ॲप्टिट्यूड टेस्ट देऊन लागलेल्या आणि आता स्वतः ती टेस्ट घेणाऱ्या प्रत्येकाला हा प्रश्न टोचेल.

गिरणीवाल्याचं डोकं

लिओने गेला तेव्हा त्याचा मुलगा कार्लो पाच वर्षांचाही नव्हता. तो मोठा होऊन इतिहासकार झाला आणि १९७६ मध्ये 'द चीज अँड द वर्म्स' लिहिलं. नायक कोण? राजा नाही, पोप नाही. उत्तर इटलीतल्या फ्रिउलीचा, सोळाव्या शतकातला, पिठाची गिरणी चालवणारा मेनोक्यिओ. याला वाचता येत होतं, तीच पंचाईत! हाताला लागली ती पुस्तकं त्याने वाचली आणि आपल्या डोक्याने ठरवलं की दुधातून चीज धरावं तसं हे जग घट्ट झालं आणि चीजमध्ये किडे पडावेत तसे त्यातून देवदूत निघाले. आणि हे त्याने गावभर सांगितलं.

चर्चच्या कोर्टाने १५८४ मध्ये त्याला शिक्षा केली. सुटल्यावर गप्प बसणं सोपं होतं. त्याला ते जमलं नाही. १५९९ मध्ये पुन्हा खटला झाला आणि त्याला ठार मारण्यात आलं. त्याला छळणाऱ्यांनी प्रश्न आणि उत्तरं नीट लिहून ठेवली होती. चारशे वर्षांनी कार्लोने त्याच कागदांतून त्याचा आवाज शोधून काढला. ज्या मुलाच्या वडिलांना विचारांपायी तुरुंगात मरावं लागलं, त्याने हा माणूस निवडावा यात मला नवल वाटत नाही.

कुठून सुरू कराल?

प्रवासात वाचायचं असेल तर 'द पिरिऑडिक टेबल'. प्रकरणं सुटी आहेत, एका फेरीत एक होतं. 'कार्बन' शेवटी ठेवा.

रविवार दुपार रिकामी असेल तर 'फॅमिली लेक्सिकन'. नावं खूप आहेत, पहिली तीस पानं नेट लावा. शक्य असेल तर आई-बाबांच्या घरी बसून वाचा आणि मधूनमधून त्यांना विचारा, आपल्याकडे अमुक शब्द आला कुठून?

इतिहास म्हणजे सनावळ्या असं वाटत असेल तर 'द चीज अँड द वर्म्स'.

आणि परफेक्ट व्हायच्या नादात दमला असाल तर रिता लेव्ही-मोन्ताल्चिनी यांचं 'इन प्रेज ऑफ इम्परफेक्शन'. त्या प्राध्यापक लेव्हींच्या तीन नोबेलवाल्यांपैकी एक. ज्यू म्हणून विद्यापीठाचं दार बंद झालं तेव्हा त्यांनी आपल्या बेडरूममध्ये लॅब थाटली आणि कोंबडीच्या अंड्यांवर प्रयोग केले. १९८६ मध्ये नोबेल मिळालं, २०१२ मध्ये १०३ व्या वर्षी गेल्या. मंडळी, वर्क फ्रॉम होम याला म्हणतात!